नाममुद्रा नसलेला लेखक : अरविंद जगताप यांच्या पत्रांच्या निमित्ताने

 

आजचा विषय कळल्यावर काही स्नेह्यांनी विचारलं, ‘सर, तुमचा जन्म गेला कांट आणि शंकराचार्य शिकवण्यात. टीव्हीवरच्या विनोदावर काय बोलणार?’ प्रश्न रास्त आहे. पण तत्त्वज्ञानाच्या वर्गात आम्ही एक प्रश्न वर्षानुवर्षं मांडत आलो : बोलणारा कोण, आणि शब्द कुणाचा? टीव्हीवरचा विनोदी कार्यक्रम हा या प्रश्नाचा फार चांगला नमुना आहे. तिथे बोलणारा दिसतो. शब्द ज्याचा असतो तो दिसत नाही. आणि हा न दिसणारा माणूस आपल्याच बीड जिल्ह्यातला असेल, तर त्याच्याविषयी बीडमध्ये बोलायला नको का?

तर आज अरविंद जगताप. तुमच्यातल्या बऱ्याच जणांना नाव माहीत असेल. ज्यांना नसेल त्यांना ‘चला हवा येऊ द्या’मधला पोस्टमन नक्की आठवत असेल. झी मराठीवर ऑगस्ट 2014 मध्ये हा कार्यक्रम सुरू झाला. थुकरटवाडी नावाचं एक काल्पनिक गाव. सूत्रसंचालक निलेश साबळे. भाऊ कदम, कुशल बद्रिके, श्रेया बुगडे, भारत गणेशपुरे, सागर कारंडे ही मंडळी. आपापल्या सिनेमाची, नाटकाची जाहिरात करायला पाहुणे यायचे, शाहरुख खान आणि सलमान खानसुद्धा येऊन गेले. त्यांच्यासमोर धमाल प्रहसनं व्हायची. आणि मग केव्हातरी खाकी कपड्यातला पोस्टमन यायचा. पिशवीतून एक पत्र काढून वाचायचा. दोन मिनिटांपूर्वी खदखदून हसणारं सभागृह गप्प व्हायचं, पाहुण्यांच्या डोळ्यांना पाणी यायचं. तो पोस्टमन म्हणजे सागर कारंडे. आणि ती पत्रं लिहिणारे अरविंद जगताप.

आता हे लक्षात घ्या की विनोदी कार्यक्रमाच्या लेखकाची ओळख झाली ती विनोदाने नव्हे, पत्रांनी. प्रहसनं लिहिणारी जी मंडळी असतात त्यांची नावं आपल्यापैकी किती जणांना सांगता येतील? श्रेयनामावली शेवटी येते, भरभर सरकते, आणि तोवर आपण उठून भांडी आवरायला लागलेले असतो. जगतापांचं नाव मात्र लोकांनी विचारून घेतलं. ‘हे लिहितं कोण?’ हा प्रश्न घराघरांत विचारला गेला. पुढे या पत्रांचं ‘पत्रास कारण की’ हे पुस्तकही आलं. टीव्हीवरचा मजकूर पुस्तक होऊन टिकावा, असं आपल्याकडे फार वेळा घडत नाही. उलटा प्रवास आपल्याला माहीत आहे. चिं. वि. जोशींचे चिमणराव-गुंड्याभाऊ आधी पुस्तकात होते, मग मुंबई दूरदर्शनवर आले, प्रभावळकर आणि बाळ कर्वे यांच्या रूपाने घरात शिरले. तिथे लेखक आधीच मोठा होता. इथे पडद्यामागचा माणूस मजकुराच्या जोरावर पुढे आला.

हे का घडलं, कसं घडलं, आणि त्यात काय कमावलं, काय गमावलं, ते आज बघू.

सुरुवात थोडी लांबून करू. आपल्या परंपरेत लेखक स्वतःचं नाव रचनेच्या पोटातच घालून ठेवत असे. तुकोबांचं ‘तुका म्हणे’, नाथांचं ‘एका जनार्दनी’. शाहीरही शेवटच्या कडव्यात आपलं नाव ओवत. तमाशात पट्ठे बापूरावांची लावणी कुणीही गाओ, शेवटी बापूरावांचं नाव तोंडातून आल्याशिवाय लावणी पुरी होत नाही. याला आपण नाममुद्रा म्हणतो. छापखाना नव्हता, कॉपीराइट नव्हता, पण गाणाऱ्याच्या तोंडून लिहिणाऱ्याचं नाव वदवून घेण्याची ही पक्की सोय होती. वाहिन्यांच्या जमान्यात ही सोय गेली. नट विनोद म्हणतो आणि तो विनोद नटाचा होतो. यात नटाचा दोष नाही. पाहणाऱ्याला जो दिसतो त्यालाच तो श्रेय देतो.

हे आपल्याकडेच आहे असंही नाही. अमेरिकेत 1950च्या सुमारास सिड सीझर नावाच्या नटाचा ‘युअर शो ऑफ शोज’ हा विनोदी कार्यक्रम गाजला. त्याच्या लेखकांच्या खोलीत मेल ब्रूक्स आणि नील सायमन बसत. पुढे दोघेही जगप्रसिद्ध झाले, पण त्या काळी पाहणाऱ्याला सीझर दिसत होता. त्याच मंडळींतल्या कार्ल रायनरने 1961 साली ‘द डिक व्हॅन डाइक शो’ काढला आणि त्याचा नायकच टीव्हीवरच्या विनोदाचा लेखक केला. म्हणजे लेखक दिसावा म्हणून लेखकावरच मालिका लिहावी लागली.

आपल्याकडे दुसरा एक मार्ग होता, लेखकाने स्वतःच नट व्हायचं. लक्ष्मण देशपांडे सरांचं ‘वऱ्हाड निघालंय लंडनला’ आठवा. लिहिणारे तेच, आणि 52 व्यक्तिरेखा उभ्या करणारेही तेच. मराठवाड्याची बोली त्यांनी रंगमंचावर मानाने नेऊन बसवली. आजही ‘महाराष्ट्राची हास्यजत्रा’मध्ये समीर चौघुले, प्रसाद खांडेकर स्वतः लिहितात आणि स्वतः उभे राहतात. तिथे शब्दाचा मालक कोण हा प्रश्न निम्मा सुटतो. पण ‘वऱ्हाड’ची पुढची गोष्ट बघा. 2009 साली देशपांडे सर गेले. त्यानंतर आपल्या माजलगावच्या संदीप पाठक यांनी तोच प्रयोग उभा केला, आणि लोक पुन्हा हसले. याचा अर्थ काय? नट गेल्यावरही जे उरलं ते लिखाण होतं. लिखाणाला स्वतःचा जीव असतो. फक्त तो नट समोर असेपर्यंत कळत नाही.

जगताप नट नाहीत, सूत्रसंचालक नाहीत. मग त्यांची मुद्रा उमटली कशी? आमचं म्हणणं असं की ती पत्र या प्रकारामुळे उमटली. प्रहसनातला विनोद दोन-चार नटांच्या मध्ये घडतो. कोण कधी अडखळला, कुणी कसं बघितलं, कुणी ऐन वेळी काय भर घातली, यावर तो ठरतो. त्यातला लेखकाचा वाटा निराळा काढून दाखवता येत नाही. पत्राचं तसं नाही. पत्र म्हटलं की कुणीतरी लिहिलेलं असणारच. पोस्टमन फक्त आणून देतो आणि वाचतो. म्हणजे पत्र हा असा साहित्यप्रकार आहे जो ‘हा शब्द माझा नाही’ हे वाचणाऱ्याच्या तोंडूनच सांगतो. गेलेली नाममुद्रा या वाटेने परत आली.

आणि हा पोस्टमनही नीट बघा. आमच्या पिढीला खेड्यातला पोस्टमन आठवतो. तो टपाल नुसतं टाकून जात नसे. ज्यांना वाचता येत नव्हतं त्यांच्या ओट्यावर टेकून वाचूनही दाखवत असे. मुंबईत गिरणीत असलेल्या मुलाचं, फौजेतल्या नवऱ्याचं पत्र. ऐकणारी बाई पदर तोंडाशी धरून, आणि शेजारच्या दोघी कान देऊन. खाजगी मजकूर अशा रीतीने चारचौघांत यायचा. थुकरटवाडीचा पोस्टमन तेच काम करत होता, ओट्याच्या जागी सभागृह होतं इतकंच. त्यात आणखी एक गंमत. हाच नट मघाशी साडी नेसून धुमाकूळ घालून गेलेला असायचा. त्याने खाकी कपडे चढवून आवाज खाली आणला की सभागृहाला आपोआप कळायचं, आता मुखवटा उतरला.

पत्र आणि विनोद ही जोडी आपल्या मातीत नवी नाही. मराठीतलं सर्वांत प्रसिद्ध पत्र कोणतं? चांगदेवाचं कोरं पत्र. चौदाशे वर्षांच्या योग्याने ज्ञानदेवांना पत्र लिहायला घेतलं, मोठेपणाने लिहावं की धाकटेपणाने हेच ठरेना, म्हणून कोरा कागद धाडला. त्यावर मुक्ताईने केलेली थट्टा आख्यायिकेत आहे : एवढी वर्षं जगून हा कोराच राहिला. आणि त्या थट्टेनंतर आली ती पासष्ट ओव्यांची चांगदेव पासष्टी. आधी हसू, मागून तत्त्वज्ञान. क्रम लक्षात ठेवा.

दुसरं उदाहरण गोदावरीच्या काठावरच, पैठणचं. नाथांच्या भारुडांत ‘अर्जदस्त’ आहे, ‘जाबचिठ्ठी’ आहे, ‘अभयपत्र’ आहे. सोळाव्या शतकातली ही सरकारी कागदपत्रांची नक्कल. शरीर हा परगणा, जीव हा तिथला शेकदार, बुद्धी ही कारकून. ऐकणाऱ्याला कचेरीची भाषा ओळखीची, म्हणून हसू येतं. आणि हसता हसता कळतं की हा हिशेब तर आपल्याच आयुष्याचा चालला आहे. सोंग आणून हसवायचं, मग त्याच सोंगाच्या हातात कागद देऊन अंतर्मुख करायचं, ही नाथांची रीत. जगतापांनी नाथांकडून ती उचलली असा आमचा दावा नाही. पण या भागात वाढलेल्या माणसाच्या कानावर भारूड असतंच. वाहिनीच्या झगमगाटात जे नवं वाटलं, त्याची मुळं इथे होती.

आता थोडं शास्त्र. कंटाळू नका, थोडक्यात सांगतो. हेन्री बर्गसाँ या फ्रेंच तत्त्वज्ञाने 1900 साली हास्यावर एक छोटंसं पुस्तक लिहिलं. त्याचं मत असं, की हसायचं असेल तर हृदयाला घटकाभर बधिर करावं लागतं. घसरून पडणाऱ्या माणसाची कणव आली की हसू थांबतं. आपल्या साहित्यशास्त्रानेही हास्य आणि करुण हे विरोधी रस मानले. मग एकाच तासात, एकाच मंचावर दोन्ही कसे उभे करायचे? आनंदवर्धनाने ‘ध्वन्यालोका’त याची युक्ती सांगितली आहे. दोन विरोधी रसांच्या मध्ये तिसरा रस घालावा, म्हणजे ते एकमेकांना मारत नाहीत. ‘नागानंद’ नाटकात शांत आणि शृंगार यांच्या मध्ये अद्भुत आहे, हे त्याचं उदाहरण.

मग थुकरटवाडीत हास्य आणि करुण यांच्या मध्ये काय होतं? विनोदाने म्हणायचं तर जाहिरात! तीन मिनिटं साबण आणि शांपू पाहिल्यावर कुठलाही रस शिल्लक राहत नाही, मग पुढचा सुरू करायला रान मोकळं. पण गंभीरपणे बघितलं तर ही युक्ती पत्राच्या आतच होती. जगतापांचं पत्र एकदम रडायला लागत नाही. मायना गमतीचा. पहिल्या काही वाक्यांत खेडवळ खोडकरपणा, स्वतःची टिंगल, परिस्थितीवर तिरकस शेरे. प्रेक्षक मघाच्याच सुरात हसतो. मग ते हसू हळूहळू बोचायला लागतं. उपरोध येतो. आणि उपरोधाच्या पायरीवरून पत्र दुःखात उतरतं. हास्य, उपरोध, करुण. मधली पायरी उपरोधाची. ती पायरी गाळली की पत्र नुसतं रडकं होतं. ती नीट बांधली की ऐकणाऱ्याला आपण कधी हसायचे थांबलो तेच कळत नाही.

त्यांच्या वाक्याची घडणही अशीच आहे. वाक्य छोटं. त्याला लागून दुसरं छोटं वाक्य, पहिल्याच्या उलट दिशेने जाणारं. शेतकरी, सैनिक, आईबाप, झाडं, दुष्काळ, हे विषय वर्तमानपत्रांनी वापरून वापरून गुळगुळीत केलेले. त्यांत नवं बोलायचं तर माहिती देऊन भागत नाही, कोन बदलावा लागतो. आणि कोन बदलायचा सर्वांत सोपा उपाय म्हणजे बोलणारा बदलणं. ज्याला कुणी बोलू देत नाही त्याच्या हातात लेखणी द्यायची. हे त्यांना फार चांगलं साधतं.

त्यांची बाकीची कामगिरी याच्या शेजारी ठेवून बघा. 2010 साली अवधूत गुप्ते यांचा ‘झेंडा’ चित्रपट आला. त्यातलं विठ्ठलाला उद्देशून असलेलं, ज्ञानेश्वर मेश्राम यांनी गायलेलं गाणं सगळ्यांच्या ओठांवर होतं. ते जगतापांचं. पक्ष फुटला, नेते वाटले गेले, आता कार्यकर्त्याने कुणाच्या मागे जावं? हा प्रश्न त्याने नेत्याला विचारला नाही, विठ्ठलाला विचारला. म्हणजे तेही एका परीने पत्रच, उत्तर न देणाऱ्या देवाला पाठवलेलं. आणि फेब्रुवारी 2020 मध्ये आपल्या बीडजवळ पालवणला सयाजी शिंदे यांच्या ‘सह्याद्री देवराई’ने वृक्ष संमेलन भरवलं, त्या कामात जगताप होते. संमेलनाचा अध्यक्ष कोण? वडाचं झाड. साहित्य संमेलनाच्या अध्यक्षपदावरून आपल्याकडे काय काय होतं ते तुम्ही जाणताच. या अध्यक्षाने कुणाशी वाद घातला नाही, भाषण लांबवलं नाही, आणि सावली दिली! कल्पना विनोदी, पण तिचा हेतू अगदी गंभीर. गाणं, पत्र, संमेलन, तिन्हीकडे रीत एकच दिसते : जो बोलत नाही त्याला मानाच्या जागी बसवायचं आणि बोलणाऱ्यांना खजील करायचं. लेखकाची मुद्रा म्हणतात ती हीच. नाव न घालताही ओळखू येते.

इथवर आम्ही गुण सांगितले. समीक्षा म्हटली की दुसरी बाजूही आली.

पहिला आक्षेप असा की पत्र हे प्रायश्चित्तासारखं वापरलं गेलं. चाळीस मिनिटं काय चाललेलं असे? पुरुषांनी साड्या नेसून बायकांची अंगविक्षेपी नक्कल करायची, कुणाच्या रंगावर बोलायचं, कुणाच्या जाडीवर बोलायचं. आणि शेवटी एक पत्र वाचायचं, ज्यात मुलीची माया, आईची महती. म्हणजे दिवसभर वजनात मारायचं आणि संध्याकाळी देवळात दिवा लावायचा. हा आक्षेप आम्ही उडवून लावणार नाही, त्यात तथ्य आहे. त्याची जबाबदारी एकट्या पत्रलेखकाची नाही, कार्यक्रमाची आहे. पण पत्र ज्या ताटात वाढलं त्या ताटाचा वास त्याला लागतोच. पत्रातली कणव खरी असेल, तर ती आधीच्या विनोदालाही प्रश्न विचारील. तसा प्रश्न विचारणारं पत्र त्या मंचावर सहज वाचलं गेलं असतं का, याचा विचार ज्याने त्याने करावा.

दुसरा आक्षेप सवयीचा. कार्यक्रम आठवड्यातून दोनदा, सोमवारी आणि मंगळवारी. दहा वर्षांच्या आसपास चालला, मार्च 2024 मध्ये थांबला आणि 2025 मध्ये नव्या रूपात परतला. एवढ्या मोठ्या पल्ल्यात कोणताही लेखक स्वतःचीच नक्कल करू लागतो. उलट दिशेची दोन वाक्यं शेजारी ठेवण्याची जी रीत आम्ही मघाशी वाखाणली, तिची सवय झाली की टाळीचं वाक्य तयार होतं. टाळीचं वाक्य म्हणजे काय? ज्याच्याशी सभागृहातला एकही माणूस असहमत होऊ शकत नाही ते. आईबापांना विसरू नका, माणुसकी जपा. अशी वाक्यं मग मोबाइलवर सुप्रभातच्या फुलांखाली फिरतात, नाव गाळून. म्हणजे कष्टाने परत आणलेली मुद्रा तिथे पुन्हा पुसली जाते. आणि गंमत बघा, ज्या वाक्यात मुद्रा सर्वांत फिकी, तेच वाक्य सर्वांत लांब जातं.

तिसरा आक्षेप आम्हाला सर्वांत महत्त्वाचा वाटतो, आणि तो आपल्या जिल्ह्याशी थेट संबंधित आहे. दसरा-दिवाळीच्या सुमाराला आपल्याकडून टोळ्या निघतात. नवरा-बायको मिळून एक कोयता. मुकादमाची उचल अंगावर, म्हातारी माणसं आणि लेकरं गावात. पट्टा पडेपर्यंत, मार्च-एप्रिलपर्यंत गाव निम्मं. अशा जिल्ह्यातल्या माणसाने शेतकऱ्याचं, कष्टकऱ्याचं दुःख लिहिलं आणि ते अख्ख्या महाराष्ट्राने ऐकलं, हे थोर आहे. बीडचं नाव बातम्यांत कशासाठी येतं ते तुम्हाला सांगायला नको. त्यात एक लेखक म्हणून बीडचं नाव आलं, याचं मोल आम्ही कमी लेखत नाही. पण ऐकणाऱ्याचं काय झालं? शहरातल्या दिवाणखान्यात डोळे पुसले गेले, आणि डोळे पुसल्यावर आपण काहीतरी केलं असं वाटून झोप चांगली लागली. ॲरिस्टॉटलच्या शोकांतिकेच्या विवेचनात भावनांच्या विरेचनाची कल्पना आहे. विरेचन झालं की बरं वाटतं. पण कोयत्यावरच्या माणसाला बरं वाटलं का? दुःखाचं पत्र ज्याच्या दुःखाचं आहे त्याच्या उपयोगी पडतं, की ज्याला ऐकून हलकं वाटतं त्याच्या?

हा प्रश्न अवघड आहे, आणि त्याला एकच उत्तर नाही. पण पत्राची पारख करण्याची एक साधी कसोटी आहे, ती आम्ही तुमच्यापुढे ठेवतो. पत्राला पत्ता लागतो. 50 पैशांच्या पोस्टकार्डावरसुद्धा अर्धी जागा पत्त्यासाठी राखलेली असते. तर विचारायचं, या पत्राचा पत्ता कोणता? पत्ता ‘माणुसकी’ असा असेल, ‘समाज’ असा असेल, तर ते पत्र कुठेच पोचत नाही. कारण त्या नावाच्या घराला दार नाही. पत्ता दूर बसलेल्या ‘सरकार’चा असेल, तर टाळ्या पडतात, कारण सभागृहातला कुणीच स्वतःला सरकार समजत नाही. पण पत्ता जेव्हा समोर बसलेल्या माणसाचा असतो, म्हणजे तुमचा-आमचा, तेव्हा टाळी वाजायला उशीर लागतो. आधी जरा शांतता पसरते.

या कसोटीवर जगतापांची पत्रं सारखी उतरत नाहीत, आणि ते साहजिक आहे. ज्यांचा पत्ता गुणांचा आहे ती ऐकताना गोड वाटतात, दुसऱ्या दिवशी आठवत नाहीत. ज्यांत बोलणारा स्वतःच्याच माणसांना, स्वतःच्याच गावाला, घरात पंख्याखाली बसून पत्र ऐकणाऱ्यालाच धारेवर धरतो, ती राहतात. ‘झेंडा’तलं गाणं का टिकलं? कारण त्यातला कार्यकर्ता नेत्यांवर रागावून मोकळा होत नाही, तो स्वतःच्या अनुयायीपणाकडेही वळून बघतो. उपरोधाची पायरी तिथे स्वतःच्या दारातून सुरू होते. मुक्ताईचा विनोद बोचला तोही असाच : तो चांगदेवाला उद्देशून होता, ‘जगातल्या सर्व अज्ञानी लोकांना’ उद्देशून नव्हता.

आता शेवटचा मुद्दा, आणि तो समोर बसलेल्या तरुण मुलामुलींसाठी आहे. तुमच्यात लिहिणारे आहेत. मुंबईला जाऊन मालिका, कार्यक्रम, वेबसिरीज लिहायची स्वप्नं आहेत. जगतापांकडे बघून ती पडली असतील तर चांगलंच आहे. पण हा धंदा नीट समजून घ्या. ऊसतोडीसारखीच इथेही उचल असते आणि हंगाम असतो. या आठवड्याचा भाग लिहून झाला की पुढच्या आठवड्याचा कोरा कागद समोर. तुम्ही लिहिलेलं कुणाच्या तोंडून जाईल, त्यातलं किती कापलं जाईल, तुमचं नाव किती सेकंद दिसेल, हे तुमच्या हातात नसतं. हातात असतो तो करार. 2012 साली आपल्या कॉपीराइट कायद्यात दुरुस्ती झाली, जावेद अख्तर यांनी तिच्यासाठी राज्यसभेत आवाज उठवला. त्या दुरुस्तीने चित्रपटात किंवा ध्वनिमुद्रणात वापरलेल्या शब्दांच्या लेखकाला रॉयल्टीचा असा हक्क दिला, जो करारावर सही करून निर्मात्याला देऊन टाकता येत नाही. कायद्यात आहे ते व्यवहारात आपोआप उतरतं असं नाही. पण सही करण्याआधी कायदा ठाऊक असावा. 2023 साली अमेरिकेतले पटकथालेखक 148 दिवस संपावर बसले, तेव्हा मानधनाबरोबर आणखी एक मागणी होती : लेखकाच्या जागी यंत्र बसवू नका. हा प्रश्न आज ना उद्या आपल्याही दारात येणार.

यंत्र टाळीचं वाक्य लिहील का? लिहील, बिनबोभाट लिहील. ज्या वाक्याशी सगळे सहमत असतात ते लिहायला कुणा एका माणसाची गरज पडत नाही. गरज पडते ती पत्ता लिहायला. कुणाला बोलायचं, कुणाच्या डोळ्यांत बघून बोलायचं, आणि त्याचे परिणाम कोण सोसणार, हे ठरवायला जबाबदारी घेणारा माणूस लागतो. नाममुद्रेचा खरा अर्थ आम्ही असा लावतो. ‘तुका म्हणे’ यात मिरवणं नाही. हे मी बोललो, याचा जाब मला विचारा, असं त्यात आहे. पडद्यामागच्या लेखकाला त्याचं नाव मिळालं पाहिजे ते त्याच्या सन्मानासाठी तर मिळालंच पाहिजे, पण त्याहून अधिक यासाठी, की मग त्याला जाब विचारता येतो. आज आम्ही जगतापांना दाद दिली आणि जाबही विचारला. दोन्ही करता आलं, कारण नाव माहीत होतं. त्याच कार्यक्रमातली प्रहसनं ज्यांनी लिहिली त्यांची दाद आणि त्यांचा जाब, दोन्ही बाकी आहेत.

म्हणून एक विनंती. पुढच्या वेळी टीव्हीवर हसाल, रडाल, तेव्हा शेवटची पाटी वाचेपर्यंत भांडी तशीच राहू द्या. लेखकाचं नाव वाचा, घरातल्या मुलांना मोठ्याने वाचून दाखवा. आणि मोबाइलवर मजकूर पुढे पाठवाल तर नाव गाळू नका. नाव ठाऊक नसेल तर शोधा. एवढं केलं तरी आपल्या गावातून निघणाऱ्या पुढच्या लेखकाची वाट थोडी सोपी होईल.

वेळ बराच झाला. प्रश्न असतील तर जरूर विचारा, आक्षेप असतील तर आधी विचारा. इथेच थांबतो.